पडून इजा झाली

माझी सगळी नोकरी कागद लिहिण्यात गेली. बुलढाण्याच्या एका सरकारी कार्यालयात मी लिपिक होतो. 'उपरोक्त विषयास अनुसरून सविनय सादर करण्यात येते की' हे वाक्य अजूनही माझ्या बोटांत बसलेलं आहे. माझ्या मसुद्यावर साहेब लोक न वाचता सही करत. निरोप समारंभात एकजण भाषणात म्हणाला, यांच्या लेखणीने या कार्यालयात कधी कुणाशी भांडण लावलं नाही. मला ते इतकं आवडलं की घरी येऊन मी बायकोला दोनदा सांगितलं. दुसऱ्यांदा ती म्हणाली, "ऐकलं मघाशी."

मी मुळात भित्रा माणूस आहे, हे आधीच सांगून टाकतो. गॅसचं बटण तीनदा पाहतो. साधं पाकीट पोस्टाच्या पेटीत टाकल्यावर ते खरंच आत पडलं का म्हणून पेटीला कान लावणारा मी आहे. कुणी मोठ्याने बोललं की मी उठून दुसऱ्या खोलीत जातो. त्यामुळे निवृत्तीनंतरच्या एका हिवाळ्यात आक्काचा फोन आला आणि ती म्हणाली, "हात मोडला माहा. दवाखान्यात आहो. ये," तेव्हा मी आधी एक खुर्ची शोधून तिच्यावर बसलो आणि मग निघालो.

आक्का म्हणजे माझी थोरली बहीण. दुसरबीडच्या अलीकडे आत फुटणाऱ्या रस्त्यावर तिचं खेडं आहे. भाऊजी जाऊन बरीच वर्षं झाली, मुलगा पुण्याला नोकरी करतो. दोन एकरांत ती वांगी, मेथी, कोथिंबीर काढते आणि बाजारात स्वतः बसून विकते. तिच्या शेताला लागून ज्याचं शेत आहे तो माणूस दर वर्षी नांगरताना धुरा थोडा थोडा तिच्या बाजूला सरकवतो. आमच्याकडे शेताच्या बांधाला धुरा म्हणतात, आणि धुऱ्यावरून भांडण नाही असं गाव मला तरी माहीत नाही. दर वर्षी ती त्याला बोलायची, दर वर्षी तो हसायचा. मी फोनवर म्हणायचो, "जाऊ दे आक्का, वीतभर तर जागा आहे."

ग्रामीण रुग्णालयात पोचलो तेव्हा ती बाकावर बसली होती. उजवा हात कोपरापर्यंत प्लास्टरमध्ये. डॉक्टरांनी पोलिसांसाठी कागद केला होता, एक्स-रे तिच्या मांडीवर होता. मनगटाजवळ दोन ठिकाणी हाड मोडलं होतं. मला पाहून तिने तोंड उघडलं. मी म्हणालो, "तू बोलू नको. आराम कर. मला कळलं सगळं. अर्ज मी लिहितो."

मला काहीच कळलेलं नव्हतं. धुरा, शेजारी, मोडलेला हात, एवढ्यावर मी समजून घेतलं. समोरच्या झेरॉक्सच्या दुकानात बसून मी कोरा कागद घेतला आणि तिच्या वतीने लिहिलं: धुऱ्याच्या कारणावरून शाब्दिक बाचाबाची झाली व ढकलाढकलीत अर्जदार पडून तिच्या उजव्या हातास इजा झाली. तरी संबंधितांस योग्य ती समज देण्यात यावी, ही नम्र विनंती.

असं का लिहिलं, ते तेव्हा मला अगदी शहाणपणाचं वाटत होतं. शेतं शेजारी आहेत, ही बाई एकटी राहते, उद्या त्याच माणसाचं तोंड पाहायचं आहे. अर्जात आग घातली तर तो आणखी पेटेल. मसुदा मवाळ असला की समोरचा मवाळ राहतो, असा माझा आयुष्यभराचा अनुभव. अर्थात तो टेबलाच्या या बाजूला बसून घेतलेला अनुभव होता.

आक्का चाळिशीनंतर साक्षरतेच्या वर्गात जाऊन सही करायला शिकली होती. बँकेत कुणी शाईचा पॅड पुढे केला तर तिला राग यायचा. त्या दिवशी तिने डावा अंगठा उठवला आणि बोट लुगड्याला पुसलं. मी विचारलं, "वाचून दाखवू का?"

"तू लिहलं ना? मंग काय वाचाचं."

ठाण्यातल्या हवालदारांनी आम्हाला खुर्च्या दिल्या, पाणी दिलं. त्यांनी अर्ज वाचला, एका वहीत नोंद केली आणि अदखलपात्र गुन्ह्याची पावती हातात ठेवली. "पडून लागलं, साधी दुखापत," ते म्हणाले. "अशात कोर्टाच्या हुकुमाशिवाय आम्हाला तपास करता येत नाही. त्याला बोलावून समज देतो." मी आभार मानले. पावतीची घडी घालून पाकिटात ठेवताना मला एखादं प्रकरण निकाली निघाल्यासारखं हलकं वाटलं. डॉक्टरांचा कागद त्यांनी मागितला नाही आणि मीही पुढे केला नाही.

पाचव्या दिवशी आक्काचा फोन आला. तो माणूस रस्त्यात मोटारसायकल थांबवून तिला म्हणाला होता, "एक हात आहे ना आणखी?" एवढंच बोलला आणि गेला.

तेव्हापासून माझी झोप उडाली आणि भूकही. मी म्हणालो, बुलढाण्याला चल. ती म्हणाली, "अन् वांगे कोण तोडीन, तू?" तिच्या मुलाने पुण्याहून तेच सांगून पाहिलं, त्यालाही तेच उत्तर मिळालं. शेवटी आम्ही असं ठरवलं की सकाळी शेतात पोचल्यावर तिने मला एक मिस कॉल द्यायचा आणि घरी परतल्यावर दुसरा. पहिला सातच्या सुमारास यायचा, दुसरा दहा-साडेदहाला. त्या साडेतीन तासांत मी काय करत होतो म्हणाल तर काही नाही. वर्तमानपत्राचं एकच पान धरून बसायचो. बायकोने चहा ठेवला की तो थंड व्हायचा. धुऱ्यावर तो उभा आहे, तिच्या हातात विळा आहे पण डाव्या हातात आहे, एवढंच मला दिसत राहायचं.

मध्ये मी ठाण्यात फोन करत होतो. कधी साहेब बंदोबस्ताला गेलेले असत, कधी "अर्ज चौकशीवर आहे" असं सांगत. हे वाक्य मी स्वतः बत्तीस वर्षं लोकांना सांगितलं होतं, म्हणून त्याचा अर्थ मला कुणी समजावून द्यायची गरज नव्हती. मग कुणीतरी सुचवलं की ठाण्यात दाद मिळत नसेल तर वर लेखी पाठवायचं असतं, पोस्टाने. मी जिल्ह्याच्या पोलीस अधीक्षकांच्या नावाने अर्ज लिहिला, आधीचाच मसुदा थोडा आणखी नम्र करून. धमकीबद्दल लिहिलं, 'संबंधितांकडून अनुचित शब्दांचा वापर झाला आहे.' पोच आली. पुढे कळलं की तो अर्ज पुढील योग्य त्या कार्यवाहीस्तव खाली पाठवला गेला, म्हणजे त्याच ठाण्यात. त्यात कुणाचा दोष असं मी म्हणणार नाही. कागदाची वाटच तशी असते. तो शिक्का मी हजारदा मारलेला आहे आणि मारताना पलीकडे कोण बसलं असेल याचा विचार एकदाही केलेला नाही.

मग एका मंगळवारी सातचा मिस कॉल आलाच नाही.

साडेसातला मी फोन केला. बंद. आठला बंद. नऊला मी अंगात सदरा घालून स्टँडवर होतो. चिखलीपर्यंत एक बस, तिथून दुसरी. सगळ्या वाटेत मी कुणालातरी मनातल्या मनात काहीतरी कबूल करत होतो, पण काय ते मला नीट समजत नव्हतं. कंडक्टरने सुटे मागितले तर मी त्याच्या हातात आधार कार्ड ठेवलं.

आक्काच्या दाराला कुलूप होतं. मी ते दोनदा ओढून पाहिलं. समोरच्या किराणा दुकानातली बाई म्हणाली, "सकायच्याच गाडीनं ठाण्यात गेल्या त्या. मोबाईलची बॅटरी उतरेल होती म्हणत होत्या."

ठाण्यात ती भिंतीजवळच्या बाकावर बसली होती. सकाळी आठपासून. प्लास्टरवर पदर घेतलेला, डाव्या हातात एक्स-रेचं पाकीट. आज सगळं पुन्हा सांगायचं आणि लिहून घेतल्याशिवाय उठायचं नाही असं ठरवून ती आली होती. मला पाहून हवालदारांना बरं वाटलं.

"बरं झालं आलात. आता तुम्हीच समजावा यांना. बाई म्हणतात, मला मारलं. आणि हा बघा यांचाच अर्ज, यांचाच अंगठा." त्यांनी फाईल उघडली आणि मोठ्याने वाचलं, "अर्जदार पडून तिच्या उजव्या हातास इजा झाली." मग आक्काकडे पाहून, रागावून नव्हे, अगदी समजुतीने म्हणाले, "पडून म्हणून तुम्हीच लिहून दिलं ना, मावशी?"

आक्काने माझ्याकडे पाहिलं. ते वाक्य ती पहिल्यांदा ऐकत होती. तिने पाकीट काखेत धरलं, उठली आणि बाहेर आली. मी तिच्या मागून आलो.

बसथांब्यावर सावली नव्हती. तिथे ती म्हणाली, "काऊन असं लिहलं तू?"

मी म्हणालो, वाढू नये म्हणून. तुझ्यासाठी. तू एकटी असतेस.

"मले इचारलं का एकदा तरी, काय झालं म्हणून? डाक्टरनं इचारलं. थो पोरगा माह्या नातवाएवढा असन, त्यानं इचारलं अन् लिहून घेतलं. तू माहा भाऊ."

मला लाज वाटली, ती अजून गेलेली नाही. तो माणूस मोकळा फिरतो आहे आणि त्याला मोकळं सोडणारं वाक्य माझ्या हातचं आहे, हे त्या थांब्यावर उन्हात उभं असताना मला समजलं.

दुसऱ्या दिवशी आम्ही तालुक्याच्या कोर्टाबाहेर एका वकीलबाईंकडे गेलो. त्या वयाने लहान होत्या, काळा कोट खुर्चीच्या पाठीला टांगलेला. त्यांनी माझे दोन्ही अर्ज वाचले, मग डॉक्टरांचा कागद वाचला, मग पुन्हा अर्ज.

"हे कुणी लिहिलंय?"

"मी."

"छान मराठी आहे," त्या म्हणाल्या. मी आयुष्यात पहिल्यांदा या वाक्याने खाली पाहिलं.

त्यांनी समजावून सांगितलं ते असं. हाड मोडणं ही कायद्याने गंभीर दुखापत. कुणी मुद्दाम हाड मोडलं तर तो दखलपात्र गुन्हा आहे, त्यात पोलिसांनी गुन्हा नोंदवून तपास करायचाच असतो. ठाण्यात नोंदवत नसतील तर अधीक्षकांकडे लेखी कळवायचं, तेवढी एक पायरी आमची झाली होती आणि पोच जपून ठेवल्याबद्दल त्यांनी मला शाबासकी दिली. तरीही काही झालं नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे शपथपत्रासह अर्ज करायचा. ते पोलिसांचं म्हणणं मागवतात, कागद पाहतात, आणि त्यांना पटलं तर गुन्हा नोंदवून तपास करा असा हुकूम देतात. तेही जमलं नाही तर कोर्टातच सरळ खाजगी फिर्याद करता येते, पण मग साक्षीदार आणण्यापासून सगळं आपल्यावर. कलमांचे आकडे हल्ली बदललेत, वाट बहुतेक तीच आहे, असं त्या म्हणाल्या.

"अडचण एकच. पोलीस हाच अर्ज पुढे करणार. मावशी, आता तुम्ही सांगा. पहिल्यापासून."

मी म्हणालो, "त्याचं असं झालं की..."

"काका, तुम्ही नका सांगू."

मग आक्का बोलली. मी कोपऱ्यातल्या स्टुलावर बसून ऐकलं.

"थो ट्रॅक्टर घेऊन आला. मी धुऱ्यावरचा दगड धरून बसली. आमच्या सासऱ्यानं गाडेल दगड आहे थो, हद्दीचा. म्हटलं, याच्या पल्याड नांगर. थो खाली उतरला. मले ओढून पाह्यलं, मी दगड नाही सोडला. तं त्यानं माह्या हातावर पाय देला. दोनदा. दुसऱ्या वक्ती आवाज आला हाडाचा, मले आयकू आला. मंग सुटला दगड." मग माझ्याकडे न पाहता म्हणाली, "मी पडली नाही. मी बसेलच होती. बसेल माणूस कुठून पडीन?"

वकीलबाई लिहीत होत्या. त्यांनी एक शब्द बदलला नाही, फक्त दोनदा विचारलं की किती वाजले होते आणि बूट होता की चप्पल. मी बत्तीस वर्षांत कुणाला असं काही विचारलं नव्हतं.

मलाही एक शपथपत्र करावं लागलं. माझ्या आयुष्यातला तो सगळ्यात छोटा मसुदा. पहिला अर्ज मी लिहिला, बहिणीला न विचारता लिहिला, तिला वाचून दाखवला नाही, त्यातलं पडल्याचं विधान तिचं नाही. खाली सही करण्याआधी मी तो तीनदा वाचला.

न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे अर्ज दाखल झाला. कोर्टाच्या पहिल्या तारखेला पोलिसांचं म्हणणं आलं नव्हतं. दुसऱ्या तारखेला दंडाधिकारी साहेब रजेवर होते. दरम्यान आक्काचं प्लास्टर निघालं. बोटं पूर्ण मिटत नव्हती, वेणीची गाठ तिला घालता येत नव्हती. मिस कॉल चालू होते. तारखेच्या आदल्या दिवशी तो माणूस तिच्या दारासमोरून तीनदा गेला, नुसता गेला. ती सांगायची आणि मी बुलढाण्यात दार लावून घ्यायचो, जसा काही तो इथे येणार होता. आपण हे सुरू करून तिला आणखी अडचणीत तर घातलं नाही ना, असं मला रोज वाटायचं. ते मी तिला बोललो नाही. बोललो असतो तर तिने फोन ठेवला असता.

तिसऱ्या तारखेला म्हणणं आलं. अपेक्षेप्रमाणे त्यात माझंच वाक्य अवतरणात होतं. साहेबांनी ते वाचलं, डॉक्टरांचा कागद वाचला, एक्स-रे उजेडाकडे धरला. मग आक्काला पुढे बोलावलं.

"बाई, या अर्जावरचा अंगठा तुमचाच ना?"

"हाव साहेब. माहाच."

"मग त्यात पडून असं का लिहिलं आहे?"

मी मागच्या बाकावर होतो. ती आता माझ्याबद्दल जे काही म्हणेल ते खरंच असणार होतं.

"शब्द भावाचे आहेत साहेब," ती म्हणाली. "थो लई भेते. त्याले वाटलं, कमी लिहलं तं कमी होईन."

साहेबांनी मान हलवली आणि काहीतरी लिहिलं. मी रुमाल काढला आणि चष्मा पुसत राहिलो, बाक रिकामा झाला तरी.

हुकूम झाला: गुन्हा नोंदवावा, तपास करावा. ठाण्यात तिचा जबाब घेतला तेव्हा मी सोबत गेलो, पण दारातच ती म्हणाली, "तू भाईर बस." आतून दीड तासाने आली ती पहिल्या खबरीची, म्हणजे एफआयआरची, प्रत हातात घेऊन. पंचनाम्याला पोलीस शेतात गेले, दगड कुठे होता ते तिने दाखवलं. दगड आता तिथे नव्हता, खड्डा होता. त्या माणसाला ठाण्यात बोलावलं, पुढे त्याला जामीन झाला. खटला अजून उभा राहायचा आहे. किती वर्षं लागतील ते वकीलबाईंनी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. तो अजून त्याच रस्त्याने जातो.

काही दिवसांपूर्वी आक्का म्हणाली, "आजपासून मिस कॉल नाही देत मी. तुहा जीव टांगेल राह्यते, अन् माहाही. काही झालं तं पुरा फोन करीन. तू फक्त आयकजो."

पहिले दोन दिवस फोन वाजला नाही आणि मी भिंतीवरचं घड्याळ काढून आतल्या खोलीत नेऊन ठेवलं. तिसऱ्या दिवशी साडेदहाला फोन वाजला. ती म्हणाली, आज चार वांगी उजव्या हाताने तोडली. मग म्हणाली, तो धुऱ्यावर येऊन उभा होता, कोर्टात पाहून घेतो म्हणाला.

दुर्लक्ष कर, हे माझ्या ओठांवर आलं होतं. जाऊ दे आक्का, हेही. मी म्हणालो, "थांब." कागद घेतला. किती वाजता, विचारलं. किती अंतरावर, सोबत कोण, शब्द नेमके कोणते. ती सांगत गेली तसं मी लिहीत गेलो, तिच्याच बोलीत. मग तिने न सांगताच मी सगळं तिला वाचून दाखवलं.

"हाव," आक्का म्हणाली. "असंच झालं."